स्वेटर कुठून सुरू करायचा? विणायची पद्धत कशी ठरवावी

लोकर आली, सुया काढल्या की पहिला प्रश्न येतो तो टाक्यांचा. "आक्का, किती टाके घालू?" त्याच्या आधीचा प्रश्न मात्र फारसं कोणी विचारत नाही: टाके घालायचे कुठे? खालच्या बॉर्डरपासून सुरुवात करायची की गळ्यापासून? पाठ, पुढचा भाग आणि बाह्या वेगवेगळ्या विणून शिवायच्या की सगळा स्वेटर एकसंध फिरवत न्यायचा? हे ठरल्याशिवाय टाक्यांचा आकडा सांगता येत नाही. पद्धत बदलली की एकाच छातीसाठी पहिल्या ओळीला कधी ९६ टाके लागतात, कधी १२०, तर कधी २४०.

बेळगाव, खानापूर, निपाणी, संकेश्वर या पट्ट्यात घरोघरी विणलं गेलं ते बहुतेक दोन सरळ सुयांवर. आधी पाठ, मग पुढचा भाग, मग बाह्या, आणि शेवटी सगळी शिवण. आता गोल सुया (दोन टोकं लवचिक दोरीनं जोडलेल्या) सहज मिळतात, मोबाइलवर व्हिडिओ आहेत, त्यामुळे नव्या मुली थेट गळ्यापासून सुरू करतात. जुन्या हातांना ते अर्धवट वाटतं आणि नव्या हातांना शिवण म्हणजे कटकट वाटते. मला दोन्ही पद्धती मनापासून आवडतात. त्यातली कुठली घ्यायची हे मी एका नियमानं ठरवते: ज्या मापाची खात्री नाही, ते माप शेवटी विणायला आलं पाहिजे. विणकाम शेवटच्या ओळीकडून सहज उसवतं, पहिल्या ओळीकडून उसवत नाही. म्हणून जे बदलावं लागेल असं वाटतं, ते टोक शेवटी ठेवायचं. पुढचं सगळं या एका नियमाभोवती आहे.

आधी आपली थंडी आणि आपली लोकर

बेळगाव समुद्रसपाटीपासून सुमारे अडीच हजार फुटांवर आहे. डिसेंबर-जानेवारीत पहाटे चांगलं गारठतं, पण अकरा वाजले की ऊन लागायला लागतं. म्हणजे आपल्याकडे स्वेटर दिवसभर अंगावर राहत नाही. सकाळी घालायचा, उन्हं वर आली की काढायचा, संध्याकाळी परत घालायचा. त्यामुळे डोक्यातून घालायच्या स्वेटरपेक्षा पुढून उघडा, बटणांचा स्वेटर इथे जास्त वापरला जातो, विशेषतः मोठ्या माणसांत. पद्धत निवडताना हे पहिल्यांदा लक्षात घ्यावं, कारण पुढून उघडा स्वेटर नंतर मधून कापायचा नसेल तर गोल फिरवत विणता येत नाही. तो एकसंध विणला तरी पुढे-मागे ओळींनीच विणावा लागतो, उलट ओळी, म्हणजे मागच्या बाजूनं विणायच्या, येतातच. "उलट विणावं लागू नये" एवढ्याच कारणासाठी गोल पद्धत निवडत असाल, तर बटणांच्या स्वेटरमध्ये तो फायदा उरत नाही.

दुसरी गोष्ट पावसाची. खानापूरच्या बाजूला, घाटाजवळ, जून ते सप्टेंबर हवेत ओल भरून राहते. जाड स्वेटर वाळायला किती दिवस लागतील सांगता येत नाही. म्हणून इथे चार पदरी बारीक लोकर सोयीची, क्रमांक १० च्या सुईवर विणलेली. आपल्याकडच्या सुयांचे क्रमांक उलटे चालतात हे नव्यांनी ध्यानात ठेवावं: आकडा मोठा तेवढी सुई बारीक. क्रमांक ८ म्हणजे ४ मिलिमीटर, १० म्हणजे ३.२५, १२ म्हणजे २.७५. परदेशी नमुन्यात मिलिमीटर दिलेले असतात, तेव्हा हे जुळवून घ्यावं लागतं.

बाजारात 'लोकर' म्हणून जे मिळतं ते बहुतेक अ‍ॅक्रेलिक असतं. धुवायला सोपं, स्वस्त, कसर लागत नाही. पण त्याचा एक दोष थेट पद्धतीशी जोडलेला आहे. अ‍ॅक्रेलिक स्वतःच्या वजनानं ओघळतं आणि ताणलं की खऱ्या लोकरीसारखं मूळ जागी परत येत नाही. शिवण नसलेला, लांब, जड अ‍ॅक्रेलिकचा स्वेटर काही महिन्यांत खाली उतरतो आणि खांदे दंडावर येतात. बाजूची आणि खांद्याची शिवण त्या कापडाला आधार देते. म्हणून मोठ्या मापाचा, जाड अ‍ॅक्रेलिकचा स्वेटर मी शिवणीचाच विणायला सांगते. लहान मुलाच्या स्वेटरचं वजनच कमी असतं, तिथे एकसंध चालतो.

आपल्या जिल्ह्यातल्या मेंढरांची लोकर हा वेगळाच विषय आहे. दख्खनी मेंढीची लोकर भरड असते, केसाळ असते. तिच्या घोंगड्या होतात, त्यांना चिंचोक्याची खळ देतात, आणि त्या पावसा-थंडीत उत्तम काम देतात. अंगालगतच्या स्वेटरला मात्र ती टोचते. कोणाकडे हाताने कातलेलं असं सूत असेल, तर त्याची बिनबाह्यांची बंडी करावी, सदऱ्यावरून घालायची. सरळ दोन चौकोन, मुंढ्याला (बाही बसते त्या जागेला) घट नाही, खांद्यावर शिवण. त्या सुतावर बारीक आकार उमटतच नाहीत, तिथे मेहनत घालू नये.

नमुन्याचा तुकडा

पद्धत कुठलीही असो, सहा इंच चौरस तुकडा विणावा, धुवावा, पूर्ण वाळू द्यावा आणि मग मधल्या चार इंचातले टाके आणि ओळी मोजाव्यात. पावसाळ्यात तुकडा हाताला कोरडा लागला तरी आतून दमट असतो, आणखी एक दिवस थांबावं. अ‍ॅक्रेलिकच्या तुकड्यावर गरम इस्त्री फिरवू नये, त्याचा जीव जातो आणि माप खोटं येतं.

इथे पद्धतीचा संबंध असा: बहुतेकींची उलट ओळ सुलट ओळीपेक्षा थोडी सैल पडते. गोल विणताना उलट ओळ नसतेच, त्यामुळे तीच बाई, तीच सुई, तीच लोकर, आणि तरी गोल विणलेलं कापड वेगळं माप देतं. स्वेटर गोल विणायचा असेल तर तुकडाही गोल विणावा. टोपी विणून पाहिली तरी चालते.

पुढच्या सगळ्या हिशेबासाठी मी चार इंचात २४ टाके आणि ३२ ओळी धरते, म्हणजे इंचाला ६ टाके, ८ ओळी. अंगाची छाती ३६ इंच, त्यात ४ इंच सैलपणा, स्वेटरचा घेर ४० इंच, म्हणून २४० टाके. तुमचा तुकडा वेगळा आला तर आकडे वेगळे येतील, रीत तीच.

पद्धत पहिली: भाग वेगळे, बाही बसवलेली

पाठीसाठी १२० टाके घालायचे, १ सुलट १ उलट अशी बॉर्डर विणायची, मग बगलेपर्यंत सरळ जायचं. खांद्याची रुंदी साडेचौदा इंच धरली तर वर ८८ टाके राहायला हवेत, म्हणजे मुंढ्यात दोन्ही बाजूंनी मिळून ३२ टाके घालवायचे, एका बाजूला १६. त्यातले ६ एकदम बंद करायचे आणि उरलेले १० एक सोडून एक ओळीला एकेक कमी करायचे. बगलेपासून आठ इंच, म्हणजे ६४ ओळी झाल्या की ८८ टाक्यांची वाटणी होते: खांदा २६, गळा ३६, खांदा २६. पुढचा भाग तसाच, फक्त गळा आधी सुरू होतो.

बाहीचा वरचा गोलवा हा या पद्धतीचा अवघड भाग. त्याची उंची मुंढ्याच्या उंचीएवढी ठेवायची नसते. आठ इंचांचा मुंढा असेल तर गोलवा साधारण दोन तृतीयांश, म्हणजे सव्वापाच इंचांच्या आसपास ठेवावा. गोलव्याची कड आणि मुंढ्याची कड टेपने वळवून मोजली की दोन्ही जवळपास सारख्या यायला हव्यात. गोलव्याची कड फार मोठी आली तर शिवताना खांद्यावर चुण्या पडतात, फार लहान आली तर हात वर केला की सगळा स्वेटर वर ओढला जातो.

एवढं सांगितल्यावर कोणीही विचारेल, मग ही भानगड करायची कशाला? कारण शरीरावर नीट बसणारा स्वेटर याच पद्धतीनं होतो. खांद्याची शिवण खांद्यावर येते, बगलेत जास्तीचं कापड गोळा होत नाही. छाती भरलेली असेल तर पुढचा भाग पाठीपेक्षा दोन इंच रुंद विणता येतो आणि खांदे मात्र मापातच राहतात. दुसऱ्या पद्धतींत हे साधायला जास्त खटपट करावी लागते. वेणीची वीण असेल तरीही हीच पद्धत घ्यावी. वेण्या कापड आत ओढतात आणि जडही करतात, त्यांना शिवणीचा आधार लागतो. आणखी एक सोय म्हणजे प्रत्येक भाग लहान आणि हलका असतो, त्यामुळे खानापूर-लोंढा रेल्वेत पिशवीतून बाही काढून विणत जाता येते. पूर्ण स्वेटर मांडीवर घेऊन गर्दीत विणता येत नाही.

शिवणीची भीती वाटते ती बहुतेक चुकीच्या शिवणीमुळे. उलट बाजूने धावदोरा घालायचा नाही. दोन्ही भाग सुलट बाजू वर ठेवून शेजारी शेजारी मांडायचे. कडेचा पहिला टाका आणि दुसरा टाका यांच्यामध्ये प्रत्येक ओळीत एक आडवा धागा असतो. टोक बोथट असलेली सुई एकदा डावीकडच्या आडव्या धाग्याखालून, एकदा उजवीकडच्या, अशी शिडी चढवत न्यायची. इंचभर झालं की दोरा हलकेच ओढायचा. दोन्ही कडा एकमेकींत बसतात आणि शिवण कुठे आहे ते बोटानेच कळतं. यासाठी पाठ आणि पुढचा भाग यांच्या ओळी सारख्या असाव्या लागतात. टेपवर विसंबू नका, ओळी मोजा आणि वहीत रेघा मारत जा.

आपल्या नियमात ही पद्धत कुठे बसते? खांदा आणि छाती यांचं माप पक्कं माहीत असेल आणि माणूस समोर नसेल, तेव्हा. लष्करात असलेला भाऊ, पुण्याला किंवा बेंगळुरूला असलेली लेक. त्यांचा अंगाला नीट बसणारा जुना स्वेटर सपाट अंथरून मापं घ्यावीत. अंगावर घालून पाहायची सोय नाही, तेव्हा कागदावर पूर्ण होणारी पद्धत हवी.

पद्धत दुसरी: गळ्यापासून खाली, रॅगलन

आता तोच ४० इंचांचा स्वेटर उलट्या बाजूने. रॅगलन म्हणजे गळ्यापासून बगलेपर्यंत तिरप्या रेषेनं अंगाला जोडलेली बाही. गळ्याला घेराच्या सुमारे ४० टक्के टाके घालायचे: २४० चे ९६. ही टक्केवारी एलिझाबेथ झिमरमन (१९१०–१९९९) यांनी विणकाम करणाऱ्यांत रुजवली. त्या जन्मानं इंग्लिश, पुढे अमेरिकेत स्थायिक झाल्या. घेराला १०० मानून गळा ४०, दंड ३३ ते ३५, मनगट २० ते २५ आणि बगल ८, अशी त्यांची साधी वाटणी आहे. मी बगलेचे १९ ऐवजी २० धरते, सम आकडा बरा पडतो. दंडाला ८४.

९६ टाक्यांची वाटणी अशी: पाठ ४२, बाही ६, पुढचा भाग ४२, बाही ६. चार भागांच्या मध्ये चार रेषा येतात. प्रत्येक रेषेच्या दोन्ही बाजूंना एकेक टाका वाढवायचा, म्हणजे एका फेरीत ८ टाके वाढतात. एक फेरी वाढीची, एक साधी. वाढीच्या २९ फेऱ्या झाल्या की पाठ १००, पुढचा भाग १०० आणि बाह्या ६४-६४, एकूण ३२८ टाके होतात. यात ५८ फेऱ्या गेल्या. मुंढ्याला ८ इंच हवेत तर ६४ लागतात, म्हणून शेवटी सहा फेऱ्या वाढ न करता विणायच्या.

इथे बाह्यांचे ६४-६४ टाके वेगळ्या रंगाच्या सुती दोऱ्यावर काढून ठेवायचे. बगलेत प्रत्येक बाजूला २० नवे टाके घालायचे. १०० + २० + १०० + २० = २४०. घेर जमला. अंग खाली हवं तेवढं विणा. मग बाह्या परत सुईवर घ्या, बगलेतले २० उचला, ८४ झाले. मनगटापर्यंत कमी करत जा.

बगलेच्या दोन्ही कोपऱ्यांत भोक पडतं, ही या पद्धतीची नेहमीची तक्रार. बगलेचे टाके उचलताना दोन्ही कोपऱ्यांत ताणलेला धागा पिळून एकेक जास्तीचा टाका उचलावा आणि पुढच्याच फेरीत तो शेजारच्या टाक्याबरोबर एकत्र विणावा. भोक बंद होतं. तरी फट दिसली तर शेपटीच्या दोऱ्यानं आतून दोन टाके मारावेत.

पाठीकडून गळा पुढच्यापेक्षा उंच हवा, नाहीतर स्वेटर सतत मागे सरकतो आणि पुढे गळ्याला टोचतो. त्यासाठी सुरुवातीला पाठीवर काही अर्ध्या ओळी घालाव्यात: फेरी पूर्ण न करता बाहीच्या टाक्यांपाशी वळायचं, पाठ विणून दुसऱ्या बाहीपाशी परत वळायचं. अशा चार-सहा ओळींनी मानेमागे इंचाच्या आत-बाहेर उंची मिळते. बऱ्याच सोप्या नमुन्यांत हे वगळलेलं असतं. तुम्ही वगळू नका.

या पद्धतीचं खरं बळ लांबीत आहे. अंगाची लांबी आणि बाहीची लांबी ही दोन्ही मापं अगदी शेवटी येतात. टाके लांब दोऱ्यावर घ्यायचे, अंगावर चढवायचा, आरशात पाहायचं, मग ठरवायचं. शाळकरी पोराचा स्वेटर पुढच्या वर्षी आखूड झाला तर बॉर्डर उसवून तीन इंच वाढवता येतात आणि जोड दिसत नाही. खालून वर विणलेला स्वेटरही वाढवता येतो, एक ओळ कापून टाके उचलून खाली विणून; साध्या विणीत ते खपतं, पण बॉर्डरच्या किंवा वेणीच्या विणीत टाके अर्ध्या टाक्यानं सरकतात आणि जोड उघडा पडतो. ही दुरुस्तीची सोय नवी नाही. ब्रिटनच्या किनाऱ्यावरचे कोळी जे 'गर्न्सी' स्वेटर घालत, त्यांच्या बाह्या खांद्यापाशी टाके उचलून मनगटाकडे विणलेल्या असत, कारण दोरखंडांत कफ आधी फाटत. कफ उसवायचा, नवा विणायचा, बाकी स्वेटर तसाच.

याची उणीवही सांगते. रॅगलनला खांद्याचा कोपरा नसतो. ज्यांचे खांदे अरुंद आणि उतरते आहेत त्यांना तो छान दिसतो. खांदे चौकोनी, रुंद असतील तर गळ्यापासून दंडापर्यंत ओढ दिसते. आणि शेवटी शेवटी सगळा स्वेटर मांडीवर असतो. मार्चमध्ये विणायला बसलात तर ते नकोसं होतं.

सुया कुठल्या लागतील? मोठ्यांसाठी ३२ इंची गोल सुई, गळ्यासाठी १६ इंची, आणि बाह्यांसाठी दोन्हीकडे टोकं असलेल्या चार-पाच मोज्याच्या सुया. तुमच्याकडे फक्त दोन सरळ सुया असतील तर रॅगलन सोडून द्यायची गरज नाही; चार भाग वेगळे, खालून वर, तिरप्या कडांचे विणून त्या तिरप्या कडा शिवता येतात. शिवायला ती बसवलेल्या बाहीपेक्षा सोपी जाते, कारण कडा सरळ असतात आणि ओळी सारख्या.

बाकीच्या पद्धती

सरळ खांद्याचा, म्हणजे मुंढ्याला घट नसलेला स्वेटर नव्यांसाठी चांगला. पाठ १२० टाक्यांची सरळ वर जाते, पुढचा भाग तसाच, बाही वरून सपाट. मुंढा थोडा खोल, साडेआठ इंच धरला तर बाहीची वरची रुंदी त्याच्या दुप्पट, १७ इंच, १०२ टाके. एक गोष्ट मात्र हमखास राहून जाते. पाठ २० इंच रुंद आणि खांदे साडेचौदा, म्हणजे शिवण प्रत्येक बाजूला पावणेतीन इंच दंडावर उतरते. बाहीची लांबी तेवढी कमी करावी, नाहीतर कफ बोटांवर येतो. बगलेत कापड जमतं, म्हणून जाड लोकरीत ही पद्धत नको.

गोल योक म्हणजे खांद्याभोवती रंगीत नक्षीची वर्तुळं. आइसलँडच्या स्वेटरांमुळे ती जगभर माहीत झाली. ती बहुधा खालून वर करतात: अंगाचे २४०, बाह्यांचे ८४-८४, बगलेतले २०-२० चार जागी बाजूला काढले की एका सुईवर ३२८ टाके येतात. वर गळ्यापासून येताना जो आकडा आला, तोच. तिथून नक्षीच्या पट्ट्यांच्या मधल्या साध्या फेऱ्यांत टाके कमी करत ९६ पर्यंत जायचं. दोन रंग एकाच वेळी चालत असतात, सुलट बाजू सतत समोर लागते, त्यामुळे इथे गोल सुईला पर्याय नाही. टाक्यांचा आकडा नक्षीच्या एका घराच्या (एकदा पूर्ण होणाऱ्या नक्षीच्या) टाक्यांच्या पटीत हवा असतो: ३२८ ला ८ नं भाग जातो, ६ नं जात नाही. नक्षी निवडण्याआधी हा भागाकार करावा. मागचे मोकळे दोरे घट्ट ओढले तर योक आवळतो, म्हणून टाके सुईवर पसरून ठेवत विणावं. नक्षीमुळे खांद्यावर दुहेरी जाडी येते, आपल्या थंडीला ती पुरेपूर होते. अंग आणि बाह्या पातळच ठेवाव्यात.

एका मनगटापासून दुसऱ्या मनगटापर्यंत आडवा विणायची पद्धतही आहे. उभ्या पट्ट्या हव्या असतील तर ती सुंदर दिसते. पण ओळी उभ्या येतात आणि कापड खाली लांबीकडे ओघळतं, मापाचा अंदाज अनुभवानंतरच येतो. पहिल्या दोन-तीन स्वेटरांत ती घेऊ नये.

कोणासाठी काय

शाळेचा निळा किंवा मरून स्वेटर, व्ही गळा, पोरगं आठ-नऊ वर्षांचं: गळ्यापासून खाली. व्ही गळ्यासाठी पुढच्या भागाचे टाके सुरुवातीला एक-दोनच ठेवायचे आणि गळ्याच्या कडेला वाढवत न्यायचे, व्ही पूर्ण झाला की दोन्ही बाजू जोडायच्या. थोडं लक्ष द्यावं लागतं, पण दोन वर्षं लांबी वाढवत वापरता येतो. लोकर घेतानाच एक लडी जास्त घ्या आणि वेष्टनावरचा लॉट नंबर जुळवून घ्या. पुढच्या वर्षी बेळगावच्या खडेबाजारात तोच रंग मिळेल, तोच लॉट मिळणार नाही, आणि निळ्यातला फरक उन्हात लगेच दिसतो.

घरातले आजोबा, खांदे आखडलेले, पाठीला बाक: पुढून उघडा, वरून खाली रॅगलन, ओळींनी विणलेला. मुंढा नेहमीपेक्षा इंचभर खोल ठेवावा, म्हणजे हात मागे न नेता बाही चढते. पाठीला बाक असेल तर पाठीमागून स्वेटर वर उचलला जातो. अंग विणताना पाठीच्या टाक्यांवर काही अर्ध्या ओळी घातल्या की खालची कड सरळ बसते. माणूस घरातच आहे, दर चार इंचांनी घालून पाहता येतं, मग मापाची चिंता कशाला? बटणपट्टी मात्र शेवटी वेगळी उचलून विणावी आणि बटणं मोठी लावावीत.

पहाटे शेतावर किंवा डेअरीला जाणाऱ्यांचा हाफ स्वेटर दोन भागांत, खालून वर, शिवणीचा. बाही नाही, म्हणजे अवघड गोलवा नाही. पाठ आणि पुढचा भाग विणला की काम झालं. मुंढ्याच्या कडेला टाके उचलून अर्ध्या-पाऊण इंचाची पट्टी विणावी. शिवणी शिकायला याच्यासारखा स्वेटर नाही.

बाळासाठी कुठलीही पद्धत चालेल, पण अंगालगतची शिवण नको आणि डोक्यातून घालायचं नको. बाळाचं डोकं छातीच्या मानानं मोठं असतं आणि गळा अडकतो. पुढून उघडं, वरून खाली, मऊ लोकर.

कॉलेजच्या मुलीला नक्षीचा हवा असेल तर गोल योक, खालून वर. तिच्याकडून अंगाची लांबी आधी पक्की करून घ्यावी, कारण एकदा योक जोडला की खालची लांबी बदलणं जिकिरीचं होतं. अंग आखूड हवं की कमरेखाली, हे ती तिचा आवडता टॉप आणून सांगेल.

मोठ्यांच्या पूर्ण बाह्यांच्या स्वेटरला चार पदरी लोकर साधारण ४०० ते ५०० ग्रॅम लागते. घरात उरलेल्या लड्या वजन करून पाहिल्या आणि ३५० च भरल्या, तर त्यातूनही मार्ग निघतो. गळ्यापासून सुरू करावं, बगलेपर्यंत विणावं, मग अंग पूर्ण न करता आधी दोन्ही बाह्या करून घ्याव्यात. बाह्या कोपरापर्यंतच करायच्या का, हे तिथे ठरवता येतं. उरेल ती सगळी लोकर अंगाला जाते आणि जिथे संपत आली तिथे बॉर्डर घालून टाके बंद होतात. बॉर्डरसाठी ४० ग्रॅमच्या आसपास वेगळे काढून ठेवावेत, आणि टाके बंद करायला शेवटच्या घेराच्या निदान चौपट लांबीचा दोरा हातात असावा.